विसर्जन नसलेली दैवते

(जामखेड येथे झालेल्या व्याख्यानाचा संपादित पाठ)



'आधुनिक जीवन आणि धर्म' असा विषय संयोजकांनी मला दिला आहे. एवढ्या विस्तृत विषयाला एका संध्याकाळी न्याय देणे शक्य नाही. म्हणून त्यातील एकच प्रश्न मी आपल्यापुढे ठेवणार आहे. ज्याला देव्हाऱ्यासमोर पाच मिनिटे बसण्यास सवड मिळत नाही, असा आजचा सुशिक्षित मध्यमवर्गीय माणूस खरोखरच निधर्मी झाला आहे काय?

शिक्षण वाढले, शहरे वाढली, यंत्रे आली की धर्मभावना आपोआप ओसरते, असा एक सिद्धान्त गेली शंभर-दीडशे वर्षे पाश्चात्त्य विद्यापीठांतून शिकविला गेला. आपल्याकडील विचारवंतांनीही तो जसाच्या तसा उचलला. मला स्वतःला तो कधीच पटला नाही. धर्मभावना ही पाण्यासारखी आहे. एक पाट बुजविला की ती दुसऱ्या पाटाने वाहू लागते. ती कोणत्या पाटाने वाहते आहे, हे ओळखण्याची खूण मात्र सोपी आहे. माणूस कोणासाठी पहाटे उठतो, कोणाच्या नावाने उपास करतो, कोणाचा नियम मोडला तर त्याच्या मनाला टोचणी लागते आणि 'तुझा जन्म वाया गेला नाही' हे कोणाच्या तोंडून ऐकण्यासाठी तो तिष्ठत राहतो, एवढे पाहावे. जे उत्तर येईल ते त्याचे दैवत. मग देव्हाऱ्यात मूर्ती कोणाची आहे, हा प्रश्न गौण ठरतो.

उदाहरण अगदी ताटातलेच घेऊ. २०१८ च्या सुमारास उभ्या महाराष्ट्रात काय चालले होते, ते आपल्याला आठवत असेल. लातूरचे डॉ. जगन्नाथ दीक्षित यांनी, दिवंगत डॉ. श्रीकांत जिचकार यांच्या मांडणीच्या आधारे, दिवसातून दोनच वेळा जेवावे, प्रत्येक जेवण ५५ मिनिटांच्या आत संपवावे आणि ४५ मिनिटांत साडेचार किलोमीटर चालावे, असा उपदेश केला. त्याच वेळी मुंबईच्या ऋजुता दिवेकर थोड्या थोड्या वेळाने खा, घरचे खा, तुपाला भिऊ नका, असे सांगत होत्या. दोघांच्याही सांगण्यातील वैद्यकीय गुणदोष सांगण्याचा मला अधिकार नाही. अनेकांना त्यांचा लाभ झाला असेल, आणि डॉ. दीक्षितांनी तर हे सारे विनामूल्य सांगितले. माझे लक्ष होते ते त्यांच्या अनुयायांकडे. लग्नाच्या पंगतीत 'तुम्ही दीक्षित की दिवेकर?' असा प्रश्न विचारला जाऊ लागला. पूर्वी 'तुम्ही शैव की वैष्णव?' असे विचारीत असतील, त्याच स्वरात. व्हॉट्सअॅपवर गट निघाले आणि त्यांत अनुभवकथन सुरू झाले. अमुक महिन्यांत अमुक किलो उतरले, रक्तातील साखरेची तीन महिन्यांची सरासरी इतकी खाली आली! ज्यांनी आजीच्या एकादशीला 'अंधश्रद्धा' म्हणून हसून नाक मुरडले होते, तेच गृहस्थ घड्याळ समोर ठेवून छप्पन्नाव्या मिनिटाला आलेली जिलबी परत पाठवू लागले. आणि कोणी चुकून संध्याकाळी चार शेंगदाणे तोंडात टाकले, तर त्याच्या चेहऱ्यावर जो भाव उमटे, त्याला मराठीत एकच शब्द आहे, पापभावना.

यात हसण्यासारखे पुष्कळ आहे आणि मीही हसलो आहे. पण हा विषय हसण्यावारी नेऊन संपत नाही.

आजीच्या एकादशीत आणि या नव्या उपासात एक भेद आहे, तो बारकाईने पाहिला पाहिजे. एकादशीला द्वादशीचे पारणे असते. चातुर्मासाला कार्तिकी एकादशी असते. सोळा सोमवार सोळाच असतात आणि सतराव्या सोमवारी उद्यापन होते. आपल्या पूर्वजांनी व्रताची रचना करताना संकल्पाइतकेच महत्त्व उद्यापनाला दिले. व्रत घेतलेस, यथाशक्ती केलेस, आता ते पूर्ण झाले, चार माणसे जेवू घाल आणि मोकळा हो. ही मोकळीक नव्या व्रतात नाही. वजन उतरले तर ते टिकविण्याचे व्रत, ते टिकले तर धावण्याचे व्रत, दहा किलोमीटर धावले तर एकवीस, एकवीस झाले तर बेचाळीस. मुंबईची मॅरेथॉन २००४ साली सुरू झाली. आज लहानमोठ्या शहरांतूनही अशा शर्यती होतात आणि व्यायाम वाढतो आहे ही आनंदाचीच गोष्ट आहे. परंतु मनगटावरच्या घड्याळाने 'आज दहा हजार पावले झाली नाहीत' असे दर्शविताच ज्याला झोप लागत नाही, त्या माणसाचा व्यायाम शरीरासाठी राहिलेला नाही, हे कोणीतरी त्याला सांगावयास हवे.

दुसरा भेद याहूनही मोलाचा. आपण सत्यनारायण करतो, गणपती बसवितो, साधी पंचोपचार पूजा करतो. प्रत्येक पूजेच्या अखेरीस गुरुजी काय म्हणावयास लावतात? क्षमाप्रार्थना. मला मंत्र आला नसेल, विधी चुकला असेल, भक्ती उणी पडली असेल, तरी हे परमेश्वरा, तू हे पूर्ण मानून घे. उपासक चुकणार, हे गृहीत धरूनच आपल्या परंपरेने पूजाविधीची शेवटची पायरी बांधली. आणि त्याही पुढे जाऊन, आवाहन केलेल्या देवतेचे विसर्जन करावयास शिकविले. दहा दिवस ज्या मूर्तीपुढे आरत्या म्हटल्या, ती अनंत चतुर्दशीला आपण स्वतःच्या हातांनी पाण्यात सोडतो. जगाच्या पाठीवर इतक्या प्रेमाने आपली मूर्ती बुडविणारा समाज विरळा असेल. मूर्ती ही साधन आहे, ती कवटाळून बसावयाचे नाही, हा धडा आपण दरवर्षी लहान मुलांच्याही डोळ्यांदेखत गिरवितो.

नव्या दैवतांना ना क्षमाप्रार्थना आहे, ना विसर्जन. माझ्या दृष्टीने सारे दुःख येथे आहे.

आता आपल्या जामखेडसारख्या तालुक्याच्या गावांत जे सर्वांत मोठे दैवत आहे, त्याच्याकडे वळतो. ते म्हणजे स्पर्धा परीक्षा. कोरडवाहू शेती, ऊसतोडीला जाणारी कुटुंबे, जवळपास मोठा उद्योग नाही. अशा मुलखातील बुद्धिमान मुलाने अधिकारी होण्याचे स्वप्न पाहिले तर त्यात गैर काय? काहीच नाही. कित्येक घरांचे दारिद्र्य या वाटेने फिटले आहे आणि या मातीतून गेलेले अधिकारी राज्यभर चोख काम करीत आहेत. परंतु या वाटेला आपण जे रूप दिले आहे, ते न्याहाळा. गावोगाव अभ्यासिका निघाल्या आहेत. तेथे मौन आहे, ठरलेले आसन आहे, भिंतीवर यशस्वी अधिकाऱ्यांच्या तसबिरी आहेत. पुण्याच्या पेठांत जाऊन राहणे हा जणू गुरुगृही वास. विश्वास नांगरे-पाटील यांचे 'मन में है विश्वास' हे आत्मकथन उशाशी. पूर्व, मुख्य, मुलाखत या तीन पायऱ्या आणि शेवटी निकाल. ज्याचे नाव यादीत आले त्याची गुलाल उधळून मिरवणूक निघते, वेशीवर फलक लागतो, आईवडिलांचे डोळे भरून येतात. हे सर्व मला मनापासून आवडते. गावाला आपल्या लेकराचे कौतुक नसेल तर ते गाव कसले?

पण यादीत ज्याचे नाव नसते, त्याचे काय? काही शे जागा आणि लाखांच्या घरात अर्ज, हे सरळ गणित आहे. बहुसंख्य मुले राहणारच. ती निर्बुद्ध नसतात, आळशी तर नसतातच. राज्य सेवेसाठी वयाची अट खुल्या वर्गाला ३८ आणि मागासवर्गीयांना ४३ वर्षांची आहे. म्हणजे विशीत घेतलेले हे व्रत चाळिशीपर्यंत चालू शकते आणि त्याला उद्यापनाची तिथी कोणी नेमून दिलेली नाही. लग्न थांबते, बापाची जमीन गहाण पडते, धाकट्या भावाची नजर बदलते. दिवाळीला गावी येणे मुलगा टाळू लागतो, कारण पारावर पहिला प्रश्न एकच, 'काय झालं रे निकालाचं?' देव कोपला तर त्याला नवस बोलता येतो. हा देव कोपला तर त्याच्यापाशी बोलण्याची सोयच नाही. त्याच्याकडे फक्त गुण आहेत, आणि अर्ध्या गुणाने राहिलेल्याला तो काहीही सांगत नाही.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ सालच्या अहवालात देशभरातील विद्यार्थ्यांच्या आत्महत्यांचा आकडा १३,०४४ असा दिला आहे, आणि त्यात सर्वांत वरचे राज्य आपला महाराष्ट्र आहे. २०२३ च्या ऑगस्टमध्ये राजस्थानातील कोटा येथे जिल्हा प्रशासनाला विद्यार्थ्यांच्या वसतिगृहांतील छताच्या पंख्यांना एक विशिष्ट साधन बसविण्याचा आदेश काढावा लागला. ते कशासाठी, हे या सभागृहात सांगण्याची मला आवश्यकता वाटत नाही. आत्महत्येची कारणे अनेक असतात आणि एकाच कारणाकडे बोट दाखविणे शहाणपणाचे नव्हे, हे मी जाणतो. परंतु जेथे यंत्रणेला पंख्यापर्यंत विचार करावा लागतो, तेथे परीक्षा ही परीक्षा राहिलेली नसते. ती मुक्तीचे एकमेव द्वार झालेली असते.

मोठ्या शहरांत हीच जागा नोकरीने घेतली आहे. मॅक्स वेबर या जर्मन समाजशास्त्रज्ञाने विसाव्या शतकाच्या आरंभीच दाखवून दिले होते, की युरोपातील काही ख्रिस्ती पंथांत धंद्यातील यश हे ईश्वरी कृपेचे लक्षण मानले जाऊ लागले. पुढे ईश्वर मागे पडला आणि धंदा तेवढा उरला. अमेरिकेत २०१९ साली डेरेक थॉम्पसन या पत्रकाराने कामालाच धर्म मानण्याच्या या वृत्तीला 'वर्किझम' असे नाव दिले. आपल्याकडे २०२३ साली नारायण मूर्ती यांनी तरुणांनी आठवड्याला ७० तास काम करावे, असे म्हटले आणि मोठा वाद झाला. मला त्या वादात ७० हा आकडा महत्त्वाचा वाटला नाही. पेरणीच्या दिवसांत आपला शेतकरी त्याहून अधिक राबतो आणि त्याची बायको तर बाराही महिने. प्रश्न तासांचा नाहीच. आपण ज्याच्यासाठी राबतो ते आपल्या वर बसले आहे, की आपण त्याला कोणाच्या तरी चरणी वाहिले आहे, हा आहे.

याचे उत्तर शोधण्यास आपल्याला तालुक्याबाहेर जाण्याचेही कारण नाही. येथून जवळच चौंडी आहे. ३१ मे १७२५ रोजी तेथे माणकोजी शिंदे पाटलांच्या घरी अहिल्यादेवींचा जन्म झाला. त्यांच्या जन्माच्या त्रिशताब्दी वर्षात, ६ मे २०२५ रोजी, राज्य मंत्रिमंडळाची बैठक चौंडीला भरली आणि आता जिल्ह्यालाही त्यांचेच नाव आहे. हे सारे उचितच झाले. पण नाव देऊन झाल्यावर त्या बाई दिवस कसा घालवीत, हेही पाहू या.

सर जॉन माल्कम याचा मध्य हिंदुस्थानावरील ग्रंथ १८२३ साली प्रसिद्ध झाला. हा इंग्रज सेनानी १८१७ च्या महिदपूरच्या लढाईत होळकरांविरुद्ध लढलेला, म्हणजे होळकरांचा भाट खचितच नव्हे. अहिल्यादेवींना पाहिलेली माणसे त्या काळी हयात होती आणि त्यांच्याकडून त्याने माहिती मिळविली. तो लिहितो त्यावरून असे दिसते, की पहाटेपूर्वी उठून स्नान-पूजा, पुराणश्रवण, दानधर्म, मग भोजन, अल्प विश्रांती आणि दुपारपासून सायंकाळपर्यंत दरबार. पुन्हा पूजा, अल्पाहार आणि रात्री उशिरापर्यंत पुन्हा कारभार. आजच्या कोणत्याही मोठ्या कंपनीच्या प्रमुखाला लाजविणारी ही दिनचर्या! पती कुंभेरीच्या वेढ्यात गेले, सासरे गेले, एकुलता एक मुलगा गेला, पुढे नातू गेला, जावई गेला, मुलगी सती गेली. यश हेच ज्यांचे दैवत असते त्यांनी इतके आघात सोसून अठ्ठावीस वर्षे राज्य केले नसते. माल्कमनेच नोंदविले आहे, की सत्तेच्या प्रत्येक वापराबद्दल आपण ईश्वराला उत्तर देणे लागतो, अशी त्यांची धारणा होती. काम दिवसभर, पण कामाच्या वर कोणीतरी होते.

आणि त्याने सांगितलेली आणखी एक आठवण मला सर्वांत प्रिय आहे. एका ब्राह्मणाने अहिल्यादेवींच्या स्तुतिपर एक ग्रंथ रचून आणला. त्यांनी तो शांतपणे ऐकून घेतला, आपण एवढ्या स्तुतीला पात्र नाही असे म्हटले आणि तो ग्रंथ नर्मदेत सोडून देण्याची आज्ञा केली. त्या ग्रंथकाराकडे पुन्हा लक्षही दिले नाही. स्वतःच्या स्तुतीचे विसर्जन! आज त्यांच्याच जयंतीला रस्त्यावर फलक लागतात, त्यांवर अहिल्यादेवींचे चित्र केवढे असते आणि शुभेच्छुकांची चित्रे केवढी असतात, हे मी सांगण्याची गरज नाही.

जामखेडचे नाव जगात ज्या दुसऱ्या कारणाने गेले, त्याचाही उल्लेख प्रांजळपणे केला पाहिजे. १९७० साली डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे या दाम्पत्याने येथे ग्रामीण आरोग्य प्रकल्प सुरू केला. खेड्यांतील अल्पशिक्षित, काही तर निरक्षर, अशा भगिनींना आरोग्यसेविका म्हणून उभे केले. १९७९ साली दोघांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. त्यांची श्रद्धा ख्रिस्ती होती. ती आपली नव्हे. पण ज्या दोन डॉक्टरांना मोठ्या शहरात वैभव मिळविता आले असते, ते त्या काळच्या जामखेडला येऊन राहिले, कारण वैद्यकी हे त्यांचे साधन होते, दैवत नव्हते. मतभेद असतील तेथे मतभेद ठेवावेत. पण हे दिसत असूनही पाहावयाचे नाही, हा कोतेपणा आपण करू नये.

येथे एक आक्षेप येईल. 'आपल्याच संतांनी प्रपंचातील कामाला धर्म मानले. सावता माळ्यांनी मळा सोडला नाही, गोरोबांनी चाक सोडले नाही, सेना न्हाव्यांनी धोपटी सोडली नाही. गीतेनेही कर्मयोगच सांगितला. लोकमान्यांनी मंडालेच्या तुरुंगात गीतारहस्य लिहिले ते हेच सांगण्यासाठी. मग आधुनिक माणूस कामाला पूजा म्हणतो, त्यात वेगळे काय?' आक्षेप वजनदार आहे. 'काम हीच पूजा' हे वाक्य आज प्रत्येक कचेरीच्या भिंतीवर टांगलेले असते, आणि बहुधा ते टांगणाऱ्याला पूजा टाळावयाची असते.

सावतोबांची गोष्ट नीट पाहू. अरणच्या मळ्यात त्यांना भाजीपाल्यात विठ्ठल दिसला. पण पीक बुडाले म्हणून त्यांचा विठ्ठल बुडाला नाही. भाजीत देव पाहणे निराळे आणि भाजीला देव करणे निराळे. ते पंढरीला गेले नाहीत, असे परंपरा सांगते. आणि म्हणून पांडुरंगाची पालखीच पंढरपूरहून अरणला त्यांच्या भेटीस येते. कामात गढलेल्या भक्ताकडे देव चालत येतो. आपली परीक्षा, आपली बढती, आपले दहा हजार पावलांचे घड्याळ, यांपैकी कोण कधी कोणाच्या दारी चालत आले आहे? गीतेतील कर्मयोगाचे तेच. फळावरील हक्क सोडल्यावर जे कर्म उरते त्याला ती योग म्हणते. फळावरच सारा जीव ठेवून केलेल्या धावपळीला गीतेच्या नावाने मान्यता मिळणार नाही.

थोडे विषयांतर करतो. १९७६ साली बेचाळीसाव्या घटनादुरुस्तीने उद्देशिकेत 'सेक्युलर' हा शब्द घातला गेला. हिंदी पाठात त्यासाठी 'पंथनिरपेक्ष' हा शब्द आहे आणि आपल्या मराठी पाठात 'धर्मनिरपेक्ष'. शासनाने उपासनापंथांत पक्षपात करू नये, यात वादाचे काही नाही. पण मराठी माणसाने 'धर्मनिरपेक्ष' हा शब्द राज्यकारभारातून उचलून स्वतःच्या स्वयंपाकघरात आणला. घरात सणवार नको, स्तोत्र नको, कुळाचार नको, मुलांवर काही लादावयाचे नाही! आणि मग त्याच मुलावर तिसऱ्या वर्षापासून शाळाप्रवेशाची मुलाखत, सातवीपासून शिकवणी आणि दहावीनंतर दोन वर्षांचा बंदिवास निःसंकोच लादला. सकाळी उठून तळहात पाहून स्मरण करावयाचे, ते आपण सोडले. तळहातावर आता मोबाइल असतो आणि प्रथम दर्शन त्याचे.

या सगळ्याला बाहेरचेच लोक बळी पडले आहेत, अशा समाधानात मात्र कोणी राहू नये. गणेशोत्सवात ध्वनिवर्धकांच्या भिंती उभ्या राहतात, शेजारच्या मंडळापेक्षा आपली मूर्ती किती फूट उंच याची चढाओढ लागते, तेव्हा पूजा गणपतीची चाललेली नसते. निवडणुकीच्या निकालाने ज्याचे अन्न गोड किंवा कडू होते, पक्षभेदापायी ज्याने सख्ख्या भावाशी बोलणे सोडले, त्याने राजकारणाला देव्हाऱ्यात बसविले आहे, मग तो कोणत्याही पक्षाचा असो. आणि कार्यकर्ता? बैठका, प्रवास, कार्यक्रम, वृत्त यांत बुडालेला कार्यकर्ता एखाद्या रविवारी काम नसले की घरात अस्वस्थ येरझारा घालतो, मुलांशी काय बोलावे हे त्याला सुचत नाही. अशा वेळी त्याच्या पत्नीला विचारावे, याचे दैवत कोणते. तिचे उत्तर बहुधा अचूक असेल.

उपाय म्हणून मोठी योजना मी आणलेली नाही. काही घरगुती गोष्टी सुचतात. घेतलेल्या प्रत्येक व्रताला उद्यापनाची तिथी असावी. मुलगा स्पर्धा परीक्षेला बसणार असेल तर 'इतक्या वेळा, इतक्या वर्षांपर्यंत' हा संकल्प पहिल्याच दिवशी आईवडिलांसमवेत देवापुढे बसून करावा. ती मुदत संपली की निकाल काहीही असो, घरात पुरणपोळी करावी, चार आप्तांना बोलवावे आणि 'तुझे व्रत पूर्ण झाले' असे त्याला सर्वांसमक्ष सांगावे. आठवड्यातून एक सायंकाळ अशी ठेवावी, की जिच्यात घरातील कोणाचेही गुण, वजन, पगार आणि पावले मोजली जाणार नाहीत.

आणि वारी आहेच. पैठणहून निघालेली नाथांची पालखी दरवर्षी आषाढीपूर्वी आपल्याच तालुक्यातून, खर्ड्यावरून, पुढे परांड्याच्या वाटेने पंढरपूरला जाते. त्या वाटेवर कोणी कोणाचा हुद्दा विचारीत नाही. अधिकारी झालेला आणि अधिकारी न झालेला एकमेकांच्या पाया पडतात, कारण तेथे तशी रीतच आहे. या तालुक्यात ज्या तरुणांची वयोमर्यादा संपली आहे, त्यांची नावे अभ्यासिका चालविणाऱ्यांना ठाऊक असतात. माझी विनंती अशी, की येत्या आषाढीला त्यांच्यापैकी प्रत्येकाच्या घरी आपल्यापैकी कोणीतरी जावे. निकालाचे काहीही विचारू नये. खर्ड्यापासून एका मुक्कामापुरते बरोबर चल, वारकऱ्यांच्या पाण्याची व्यवस्था आपल्याकडे आहे आणि एक माणूस कमी पडतो आहे, एवढेच सांगावे.